कर्ज फिटल्याची पंगत

१

पंगत बसली होती, पुरीचा पहिला तुकडा मी शिऱ्याला लावणार होतो, तेवढ्यात बद्रीनाथ रिकाम्या हातांनी दारात येऊन उभा राहिला. रिकाम्या हातांनी असं म्हणतो, कारण त्या दिवशी त्याच्या हातात काय असायला हवं हे जालन्यातल्या आमच्या अख्ख्या कॉलनीला ठाऊक होतं. तातेराव गुरुजींच्या घराचे कागद.

साल सत्त्याहत्तर, एप्रिलची चौदा तारीख, बाबासाहेबांची जयंती. पंधरा वर्षांपूर्वी गुरुजींनी प्लॉट आणि त्यावरचं होऊ घातलेलं घर एका गृहनिर्माण सोसायटीकडे गहाण टाकून सहा हजार रुपये उचलले होते. हप्ता महिन्याला एकसष्ट रुपये. शेवटचा रुपया आदल्या दिवशी भरून झाला होता. कागद खरं तर सुट्टीनंतर मिळायचे, पण गुरुजींची हौस दांडगी. सोसायटीचा कारकून बद्रीनाथ, त्याला त्यांनी सांगून ठेवलं होतं की तू जेवायलाच ये आणि चारचौघांदेखत कागद माझ्या हातात दे.

बद्रीनाथ गुरुजींच्या कानाशी वाकून काहीतरी बोलला. गुरुजी हसले आणि म्हणाले, जरा मोठ्यानं बोल, सगळ्यांना ऐकू दे. त्यांना वाटलं अभिनंदन असेल.

"गुरुजी, कागद देता येत न्हाईत," बद्रीनाथ म्हणाला. "तुमच्याकडं अजून सात हजाराच्या वर निघतेत."

वाढणाऱ्या बायका जागच्या जागी थांबल्या. मी तुकडा ताटात ठेवला. सहा हजार घेतले, पंधरा वर्षांत अकरा हजाराला वीस कमी इतके भरले, आणि राहिले सात हजार. मी वकील आहे, माझा हिशेब कच्चा आहे, पण इतका कच्चा नाही.

गुरुजींच्या तोंडावरचं हसू तसंच राहिलं, फक्त त्यात जीव नव्हता. पैसे सोसायटीत नेऊन कोण भरायचं, असं पंगतीतून कोणीतरी विचारलं. उत्तर सगळ्यांना माहीत होतं. गुरुजींचा धाकटा भाऊ भिवा. एसटीत कंडक्टर, बायकोसह मागच्या खोलीत राहायचा. आज वाढायला सगळ्यांत पुढे तोच असायला हवा होता, आणि सकाळपासून तो कोणाला दिसलाच नव्हता.

गुरुजी ताटावरून उठले.

"चोर घरातच व्हता," ते म्हणाले. साठ माणसांनी ते ऐकलं.

२

माणसं न जेवताच पांगली. गुरुजींनी मला हाताला धरून आत नेलं आणि तक्रार लिहायला सांगितलं. एक पोलिसांना, एक एसटीच्या डेपोला.

दुसऱ्या तक्रारीने माझा हात अडखळला. कंडक्टर हा माणूस दिवसभर दुसऱ्याच्या पैशांवर बसलेला असतो. अफरातफरीचा आरोप सख्ख्या मोठ्या भावाने लेखी केला, तर भिवाची नोकरी गेलीच समजा, आणि ती परत कधी मिळायची नाही. तरी मी पेनचं टोपण काढलं. पुरावा मला स्वच्छ दिसत होता. पैसे नेणारा एकच, आणि तोच पळालेला.

"टोपण लावा," माझी बायको म्हणाली.

सत्यशीला मुलींच्या शाळेत गणित शिकवायची. शाळेचं घड्याळ कोणी पळवलं ते तिने हेडमास्तरांना सांगितल्यापासून कॉलनीत कुठे काही हरवलं की लोक पोलिसांआधी तिच्याकडे यायचे. मी वकील असून माझ्याकडे कोणी येत नसे, ही वेगळी गोष्ट. तिने गुरुजींना एवढंच सांगितलं, की आज सुट्टी आहे, डेपोत साहेब भेटणार नाही. तक्रार उद्या सकाळीच द्यायची आहे, तर तोवर मला घरात चार माणसांशी बोलू द्या. गुरुजींनी मान हलवली आणि ते भिंतीकडे तोंड करून बसले.

सगळ्यांत आधी मालनबाई, गुरुजींच्या पत्नी. पैसे साठवलेला पितळी डबा त्यांच्या ताब्यात आणि किल्ली कमरेला, म्हणजे संशय घ्यायचा तर त्यांच्यावरही घ्यायला हवा होता. बाई रडून रडून लाल झाल्या होत्या, पण बोलायला खणखणीत. पगार झाला की त्याच दिवशी एकसष्ट रुपये डब्यात. लेकीच्या बाळंतपणात दूध उधारीवर आणलं, पण डब्याला हात लावला नाही. भिवाने पैसे दारासमोर मोजून घ्यायचे आणि पावती आणून त्यांच्याच हातात द्यायची.

पावत्या त्यांनी पुढे ठेवल्या. सत्यशीलाने त्या वाचल्या नाहीत, नुसत्या बोटाने मोजल्या.

"पंधराच?" ती म्हणाली.

"वर्साला एक," मालनबाई म्हणाल्या. "जयंतीच्या आदल्या दिवशी सगळं भरायचं. आमच्या घरचा नेमच हाय तो."

मग त्यांनी नेमाची गोष्ट सांगितली, आणि सांगताना रडणं विसरल्या. सासरे जन्मभर गावात कोणाचं ना कोणाचं देणं लागायचे आणि त्यापायी बोलावलं की जायचे. छप्पन साली दीक्षा घेतली, तेव्हा सासूबाईंनी घरात सांगितलं, की जयंतीच्या दिवशी आपल्या अंगावर कोणाचा पैसा नको. तेव्हापासून तेरा एप्रिलला भिवा पिशवी घेऊन निघायचा. किराणावाला, दूधवाला, शिंपी, आणि शेवटी सोसायटी. सगळ्यांचं एका फेरीत चुकतं करायचं. दुसऱ्या दिवशी नवे कपडे घालून गुरुजी मिरवणुकीत सगळ्यांत पुढे.

ऐकून मला भरून आलं. माझ्या घरी जयंतीला शिंप्याची उधारी हमखास असते. पण बाहेर येताना मी सत्यशीलाला म्हटलं, की पावत्या खोट्या असणार. शिक्का बनवायला कितीसा वेळ लागतो? भिवाने नाही तर बद्रीनाथने पैसे खाल्ले.

ती म्हणाली, चला, बद्रीनाथलाच विचारू.

३

बद्रीनाथ ओट्यावरच बसून होता. एवढ्या वेळात तो निघून गेला नव्हता, याचंच मला आश्चर्य वाटलं. मी कोर्टात करतो तशी त्याची उलटतपासणी सुरू केली. पावत्या त्याच्यासमोर टाकल्या आणि विचारलं, यातल्या खोट्या कोणत्या?

त्याने एकेक पाहिली. सगळ्या खऱ्या. सगळ्यांवर सही त्याचीच. सगळी रक्कम जमा. हवं तर उद्या ऑफिसात येऊन बघा म्हणाला.

पैसे घरातून पुरे निघाले होते, सोसायटीत पुरे पोचले होते. वाटेत एक रुपया गळाला नव्हता, तरी कर्ज सहाचं सात झालं होतं. चोर भिवाही नाही आणि बद्रीनाथही नाही, तर मग पैसे गेले कुठे?

सत्यशीलाने मात्र त्याला भलतंच विचारलं. बाकीचे सभासद पैसे कधी भरतात?

"दर महिन्याला," बद्रीनाथ म्हणाला. "दहा तारखेच्या आत खिडकीवर येऊन जातेत. एक भिवाच वर्साला येतो."

"मग तुम्ही कधी सांगितलं नाही?"

"सांगितल्तं बाई, सुरुवातीला. भिवाजवळ निरोप देल्ता. उलटा निरोप आला, की आम्ही बुडवणारे न्हाईत, आम्हाला शिकवू नका. मंग मी बोलायचं सोडलं." त्याने खाली बघितलं. "चुकलंच माझं. गुरुजींच्या तोंडावर सांगाया पायजे व्हतं."

आणि मग त्याने आदल्या दिवशीचं सांगितलं. शेवटचे पैसे घेऊन त्याने भिवाला बाकी किती ते सांगितलं, तेव्हा भिवा खिडकीचे गज धरून बराच वेळ नुसता उभा होता. रागावला नाही, भांडला नाही. एकच प्रश्न विचारला, की सात हजार एकदम आणून भरले तर कागद लगेच मिळतील का?

म्हणजे भिवाला कालच माहीत होतं. घरात शिऱ्याचा रवा भाजला जात असताना त्याला माहीत होतं, आणि तो कोणाला काही न बोलता निघून गेला होता.

मागच्या खोलीत भिवाची बायको इंद्रायणी पत्र्याची पेटी उघडी टाकून बसली होती. नवरा कुठे गेला हे तिला सांगून गेला नव्हता. चोराची बायको म्हणून दुपारपासून तिच्याकडे कोणी पाणीसुद्धा मागितलं नव्हतं. सत्यशीलाने मागितलं, पिऊन पेला बाजूला ठेवला आणि विचारलं, पेटीतून काय गेलंय?

"लग्नातला कोट," इंद्रायणी म्हणाली. "लोकरीचा हाय. ह्या उन्हात कोट कशाला नेला असंल, बाई?"

मी म्हटलं, विकायला. सत्यशीलाने माझ्याकडे असं बघितलं, की मी पुढचं वाक्य गिळलं. मग तिने इंद्रायणीला आणखी एक विचारलं, हळू आवाजात. इंद्रायणीने पेटीच्या तळाशी हात घातला, चाचपला आणि तिचा चेहरा पांढरा पडला.

४

दिवे लागायच्या आत सत्यशीलाने सगळ्यांना पुढच्या खोलीत बसवलं. गुरुजी, मालनबाई, बद्रीनाथ, दाराआड इंद्रायणी. तिने पर्समधून खडू काढला आणि फरशीवर उकिडवी बसली.

"गुरुजी, तुमच्या घरात चोरी झालेली नाही," ती म्हणाली. "तुम्ही दिलेला रुपया न् रुपया सोसायटीत आहे."

तिने फरशीवर सहा हजार लिहिले. व्याज शेकडा नऊ. पहिल्या महिन्याचं व्याज होतं पंचेचाळीस. म्हणजे एकसष्टच्या हप्त्यातले पंचेचाळीस व्याजात गेले, मुद्दलातून उतरले फक्त सोळा. पुढच्या महिन्यात सोळाहून काही पैसे जास्त. असं रांगत रांगत पंधरा वर्षांनी ते शून्यावर यायचं. "म्हणजे वेळेवर भरलं असतं, तरी सहा हजारांचं घर तुम्हाला अकरा हजारांना पडणार होतं. तुम्ही कर्ज घेतलं सहाचं, पण फेडायचं कबूल केलं होतं अकरा."

गुरुजी म्हणाले, अकरा तर दिले.

"दिले. पण ते महिन्याला द्यायचे होते." तिने बद्रीनाथकडे पाहिलं. "थकबाकी झाली तर काय होतं?"

बद्रीनाथने नियम सांगितला. हप्ता थकला की शेकडा नऊचे बारा होतात, आणि तेही चुकलेल्या हप्त्यावर नाही, सगळ्या बाकीवर. न भरलेलं व्याज मुद्दलात मिळवतात आणि पुढच्या महिन्यात त्याच्यावरही व्याज चढतं.

"तुमचा पैसा डब्यात होता," सत्यशीला म्हणाली. "तुमच्या मनानं तो दिलेलाच होता. पण सोसायटीच्या लेखी तुम्ही मे महिन्यातच थकबाकीदार झालात. असं दर साल."

तिने महिन्याला रुपया शेकडा धरून वर्षाचं व्याज मांडलं. सातशे एकसष्ट. त्याच्याखाली गुरुजींचे वर्षाचे बारा हप्ते. सातशे बत्तीस.

तेवढे दोन आकडे फरशीवर होते. दर जयंतीला नवे कपडे घालून गुरुजी मिरवणुकीत पुढे चालले होते, तेव्हा दर जयंतीला ते आदल्या सालापेक्षा जास्त देणं लागत होते. मुद्दलाचा एक पैसा पंधरा वर्षांत फिटला नव्हता. पहिल्या वर्षी वीस-तीस रुपयांचा खड्डा, मग खड्ड्यावर व्याज, मग त्या व्याजावर व्याज. मालनबाईंनी डब्याकडे बघितलं आणि पदर तोंडात धरला.

"मला हे कोणी सांगितलं न्हाई," गुरुजी म्हणाले. "पंधरा वर्सांत एका माणसानं सांगितलं न्हाई."

"सांगितल्तं."

इंद्रायणी दाराआडून पुढे आली होती. मोठ्या दिरासमोर ती कधी उभी राहत नसे.

"भाऊजी, तिसऱ्या वर्सी ह्यांनी सांगितल्तं. डबा दर महिन्याला द्या, मी ड्युटीवर जाता जाता भरून येतो म्हणले. तुम्ही ताटावरून उठवलं त्यान्ला. आईचा नेम मोडाया निघाला का म्हणलात. शिकलेला तू का मी, असं इचारलं. त्या दिसापासून ह्यांनी ती गोष्ट काढली न्हाई."

गुरुजींना आठवत होतं, हे आम्हा सगळ्यांना दिसलं. आयुष्यभर पोरांना बेरीज-वजाबाकी शिकवलेला माणूस फरशीवरच्या दोन आकड्यांकडे बघत राहिला. मी त्यांना पाणी दिलं. त्यांनी पेला हातात धरून ठेवला.

सत्यशीलाने खडू पर्समध्ये टाकला आणि भिवाबद्दल सांगितलं. पळणारा माणूस एप्रिलच्या उन्हात लोकरीचा कोट नेत नाही. कोट नेतो तो साहेबासमोर उभं राहायला जाणारा. आणि पेटीतून कोटाबरोबर दुसरं काय गेलं होतं, ते आता इंद्रायणीला ठाऊक होतं. गावाकडच्या, केदारखेड्याच्या दोन एकरांचा सातबारा. वाटणीत गुरुजींना प्लॉटपुरते पैसे आले होते, भिवाला ते रान.

"तो सात हजार उभे करायला गेलाय," सत्यशीला म्हणाली. "आज कचेरी बंद आहे. उद्या सकाळी तो तालुक्याला, भोकरदनला रजिस्ट्रारसमोर उभा राहील आणि रान गहाण टाकेल."

५

दुसऱ्या दिवशी पहिल्या एसटीने गुरुजी, सत्यशीला आणि मी निघालो. कंडक्टर भिवाच्या ओळखीचा होता. त्याने गुरुजींना तिकीट दिलं आणि एक शब्दही न बोलता पुढे गेला. राजूर मागे पडल्यावर गुरुजींनी मला विचारलं, सही झाली असेल तर काय? मी म्हटलं, रजिस्टर होईपर्यंत फाडता येतं. झाल्यावर मात्र पैसे देऊनच सुटका.

कचेरीच्या व्हरांड्यात बाकावर भिवा बसला होता. काळा कोट, गळ्यापर्यंत बटणं, मानेवरून घाम ओघळतोय. शेजारी आबाराव सावकार आरामात पंख्याने वारा घेत होते. कागदावर सही झालेली होती. आत चार माणसं होती, त्यानंतर भिवाचा नंबर.

भावाला बघून भिवा उठून उभा राहिला. सत्यशीला त्याच्याशी आधी बोललीच नाही. तिने आबारावांना नमस्कार करून व्याजाचा दर विचारला.

"दोन रुपये शेकडा," आबाराव म्हणाले. "महिन्याला. घरचा माणूस म्हणून."

ती भिवाकडे वळली. सात हजारांवर महिन्याला एकशेचाळीस रुपये, तिने सांगितलं, आणि ते नुसतं व्याज. पाच वर्षं बिनचूक देशील, तरी पाच वर्षांनी सात हजार जसेच्या तसे उभे, आणि रान त्यांच्याकडे. तिकडे सोसायटीत अर्ज देऊन दर महिन्याला भरायला लागलं, तर जादा व्याज बंद होतं, हे बद्रीनाथने निघताना कबूल केलं होतं. नऊ टक्क्यांनी महिन्याला दीडशे भरले, तर पाच वर्षांत घर मोकळं. फरक महिन्याला दहा रुपयांचा.

भिवाने ते दोनदा विचारून घेतलं. त्याला खरं वाटेना. आबारावांचा पंखा थांबला होता.

मग गुरुजी पुढे झाले. मी त्यांना शाळेत, सभेत, मिरवणुकीत बोलताना ऐकलंय. असे अडखळताना कधी ऐकलं नव्हतं.

"भिवा, काल मी तुला पंगतीत चोर म्हणलो. सगळ्यांसमोर."

"माहीत हाय, दादा."

"तुला कोण बोललं?"

"कालच्या शेवटच्या गाडीचा कंडक्टर केदारखेड्याला उतरल्ता. त्यानं सांगितलं."

गुरुजींनी सहीचा कागद उचलून पाहिला. मला ते कळायला क्षणभर लागलं. कागदावर तारीख आजची होती.

"म्हंजे सही करताना तुला माहीत व्हतं?"

"व्हतं ना," भिवा म्हणाला. "पण घर तर सोडवायचंच व्हतं."

आतून शिपायाने भिवाचं नाव पुकारलं. गुरुजी त्याच्या कोटाची बटणं काढत होते, एकेक, लहान मुलाची काढावी तशी. शिपायाने दुसऱ्यांदा पुकारलं. मी आत जाऊन सांगितलं, की भिवाचं आता इथे काही काम नाही.